हप्ता फिटल्याचा नारळ

भाईंदरच्या खारी गावात ज्या म्हाताऱ्याच्या चाळीत मी अकरा वर्षं भाड्यानं राहिलो, तो जाऊन दोन वर्षं झाली. माझा त्याच्यावरचा राग अजून गेलेला नाही. तो गेला तेव्हा मी त्याच्या घरच्यांना भेटायलाही गेलो नाही. साइटवर काम आहे असं बायकोला सांगितलं. काम नव्हतं. एव्हाना विसरूनही गेलो असतो, पण गेल्या महिन्यात बँकेनं घराच्या कर्जासाठी माझ्या पोराचा अंगठा मागितला आणि म्हातारा पुन्हा डोक्यात येऊन बसला. आता उठायचं नाव घेत नाही. म्हणून लिहून टाकतोय.

त्याच्या उजव्या अंगठ्याला बारा महिने चिंधी बांधलेली असायची. जुन्या बनियनची पट्टी, रोज आंघोळीनंतर नवी. चाळीतले लोक म्हणायचे, मिठानं अंगठा खाल्लाय, कारण लहानपणापासून तो मिठागरावर राबलेला होता. त्याला विचारलं तर एवढंच म्हणायचा, "त्याला सुट्टी हाय."

अंगठा कुठंही टेकवायचा नाही, हा त्याचा नियम. चाळिशीत तो पोरीच्या पाटीवर सही शिकला होता. ती सही करायला पाच मिनिटं घ्यायचा, बापाच्या नावासकट पूर्ण नाव, जीभ दातात धरून. रेशनच्या दुकानात अंगठ्याचं मशीन आलं त्या महिन्यापासून त्यानं रेशन बंद केलं. भाड्याच्या करारालाही अंगठा लागायला लागला, तेव्हा एक एजंट काडेपेटीएवढं मशीन घेऊन चाळीत आला. मशीनला खाली लाल दिवा. म्हातारा ओट्यावर बसलेला, चेकची लुंगी, वर बनियन.

"बाबा, बस टच करना है," एजंट म्हणाला. "दो सेकंद का काम है."

"दोनच शेकंद लागतात," म्हातारा म्हणाला. "मना म्हाईत हाय." आणि उठून आत निघून गेला.

त्यामुळे शेवटची काही वर्षं मी त्या खोलीत कागदाशिवाय राहिलो. पाच तारखेला भाडं द्यायचं, तो वहीचं पान फाडून पावती करायचा आणि खाली पाच मिनिटांची सही. कागदाशिवाय मी कुणाला दहा रुपये देत नाही. त्याच्या बाबतीत मात्र भीती कधी वाटली नाही. हे आता लक्षात येतंय. तेव्हा तो मला नुसता चक्रम वाटायचा.

दुसरी खोड वयाची. चाळीत कुणाकडे नवीन वस्तू आली की लोक किंमत विचारतात. म्हातारा फक्त रोख की हप्त्यावर एवढंच विचारायचा. हप्त्यावर म्हटलं की त्याचा पुढचा प्रश्न ठरलेला होता. "फिटंल तवा किती वरसांचा व्हशील?"

हा प्रश्न फ्रिज घेतलेल्या बाईला, मोबाइल घेतलेल्या पोराला, सगळ्यांना. बायका चिडायच्या, वय काय विचारता म्हणून. तो दारात उभा राहायचा. उत्तर मिळाल्याशिवाय हलायचा नाही, आणि मिळालं की मान हलवून चालू लागायचा. चांगलं की वाईट, काही बोलायचा नाही.

समोरच्या खोलीत जौनपूरचा एक रिक्षावाला राहायचा. त्यानं नवी कोरी रिक्षा आणली, हार घातला आणि म्हाताऱ्याला हात जोडून म्हणाला, नारळ आपके हाथ से. म्हाताऱ्यानं रिक्षेभोवती एक चक्कर मारली.

"किश्त पे लिया?"

"हाँ बाबा, पाँच साल."

"तेरा उमर कितना होएंगा तब?"

रिक्षावाल्यानं बोटं मोजली. "छत्तीस."

"तो छत्तीस में आता मैं," म्हातारा म्हणाला आणि घरी गेला. नारळ रिक्षावाल्यानं स्वतःच फोडला.

पाच वर्षांनी एका सकाळी म्हातारा हार, नारळ आणि पाव किलो पेढे घेऊन त्याच्या दारात उभा. शेवटचा हप्ता आदल्या दिवशी गेला होता. रिक्षावाल्याच्या स्वतःच्या लक्षात नव्हतं, म्हाताऱ्याच्या होतं. तोवर रिक्षाचं छत फाटलेलं, सीटला तीन ठिगळं, पुढच्या काचेला तडा. त्या खटाऱ्याला त्यानं हार घातला, चाकापाशी नारळ फोडला आणि म्हणाला, "आज आया तेरा रिक्षा." सगळी चाळ हसत होती. सगळ्यात मोठ्यानं मी. रिक्षावाला हसत नव्हता. हँडलला हात लावून उभा होता.

आता माझ्याबद्दल थोडं सांगायला हवं. एकोणिसाव्या वर्षी गावाहून हात हलवत आलो, वेल्डिंग शिकलो. आज हाटकेशला भाड्याचे दोन गाळे आहेत, मशिनं माझी. अ‍ॅल्युमिनियमच्या सरकत्या खिडक्या, ग्रिल, मच्छर जाळ्या, असं काम. इथपर्यंत आलो ते भाव पाडून. माझी एक पद्धत आहे. बोलणी अडली की उठायचं, दारात जायचं, एक चप्पल पायात घालायची आणि दुसरी शोधत राहायची. ती सापडेपर्यंत समोरचा खाली येतो. नया नगरच्या हार्डवेअरवाल्यांपासून बिल्डरांच्या मॅनेजरपर्यंत सगळे आले.

म्हाताऱ्याशी पहिल्यांदा भाडं ठरवताना मी तेच केलं. पाचशे कमी करा म्हटलं, तो नाही म्हणाला. मी उठलो, एक चप्पल घातली, दुसरी शोधू लागलो.

"तुज्या मागं हाय," तो बसल्या जागेवरून म्हणाला. "ती पन घाल."

मी परत येऊन बसलो आणि त्यानं सांगितलेल्या भाड्याला हो म्हटलं. एवढा एक सौदा मी उघडउघड हरलो. त्याची सल कुठंतरी राहिली असणार.

पुढं त्याच्या घराच्या खिडक्या मी केल्या. मी स्क्वेअर फुटाचा दर सांगितला. वाटलं आता घासाघीस करेल, मला उट्टं काढता येईल. त्यानं दराला हात लावला नाही. फक्त गाळ्यात आला, रचून ठेवलेल्या पट्ट्यांमधली एक जाड पट्टी काढली आणि डबीतल्या चुन्यानं तिच्यावर खूण केली. "ही लावायची," म्हणाला. "दर तुजा, पट्टी माजी."

धंद्यातली ही गोष्ट त्याला कशी कळली हे मला कळेना. गिऱ्हाईक दरात वीस रुपये पाडतं आणि खूश होऊन जातं. मी ते वीस रुपये पट्टीच्या जाडीतून काढून घेतो. जाडी कुणी मोजत नाही. पाच-सात वर्षांनी वाऱ्यानं खिडकी खुळखुळायला लागते, तोवर बिल कुणाच्या लक्षात असतं! सगळेच करतात. मीही केलं. मी हे लपवत नाही, कारण पुढं जे झालं ते याशिवाय सांगता येणार नाही.

चव्वेचाळिसाव्या वर्षी मी फ्लॅट घ्यायचं ठरवलं. हाटकेशच्याच बाजूला, वन बीएचके, एकावन्न लाख. सोळा लाख माझे, पस्तीस लाख बँकेचे. बिल्डरच्या ऑफिसात एक लोनवाला बसायचा, केसांना तेल, शर्टाच्या खिशात तीन पेनं. त्यानं वीस वर्षांचा हिशेब मांडला. महिन्याला तीस हजार तीनशे काहीतरी.

"जास्त होतात," मी म्हटलं.

"सेठ, बँक का रेट है. मेरे हाथ में क्या है?"

चपला काढायची सोय नव्हती, म्हणून मी हेल्मेट उचललं. डोक्यात घातलं. पट्टा लागत नाही असं करत उभा राहिलो.

"अरे सेठ, बैठो तो," तो म्हणाला. कॉम्प्युटरवर टकटक केलं. "चलो, आपके लिए अट्ठाईस हज़ार करा देता हूँ. ऊपर के सौ-दो सौ छोड़ो."

महिन्याला दोन हजार पाडले होते मी. बँकेचे! विसाची पंचवीस वर्षं झाली हे त्यानं सांगितलं नाही असं म्हणता येणार नाही. सांगितलं, खाली वाकून चौथं पेन शोधता शोधता. "पच्चीस साल कर दिया सेठ, टेन्शन नहीं." मला वाटलं, वर्षांना काय पैसे पडतात? ती येणारच होती.

येताना भाईंदरच्या बाजारातून पापलेट घेतलं, मोठं. चाळीत शिरलो तर म्हातारा ओट्यावर. पिशवीकडे बघून म्हणाला, "काय रं, आज सन हाय काय?"

मी चपला खाली काढून ओट्यावर बसलो आणि सगळं सांगितलं. हेल्मेटचं पण सांगितलं. वाटलं, हसेल. तो हसला नाही.

"ते दोन हजार तू कमी केलंस," तो म्हणाला. "त्यानं कुटं लावलं?"

"लावलं कुठं म्हणजे? कमी केले म्हणजे केले."

"तू कमी करतोस तवा पट्टीत लावतोस ना? मंग त्यानं पन कुटंतरी लावलं असंल."

"बाबा, तुम्हाला बँकेचं नाही कळणार."

"फिटंल तवा किती वरसांचा व्हशील?"

मी उत्तर दिलं नाही. तो थांबला. मग त्यानं दातांनी गाठ सोडून अंगठ्याची चिंधी काढली. अकरा वर्षांत मी तो अंगठा पहिल्यांदा पाहिला. जखम नव्हती, सडलेलं काही नव्हतं. नुसता पांढराफटक, मऊ अंगठा, बाकीच्या काळ्या, भेगाळलेल्या हाताला दुसऱ्या कुणाचा तरी लावल्यासारखा.

"मी धा वरसांचा होतो," तो म्हणाला. "मीठ पावसात बंद असतं. तवा मुकादमाकडनं उचल घ्यायची, मंग सुकीत कामातनं कापून द्यायची. माज्या बापाची उचल लय झालेली. दर आठवड्याला लय कापायचे, घरात चूल पेटत नव्हती. बाप गेला भांडाया. मुकादम बोल्ला, कमी कापतो, फक्त पोराचा अंगठा आन. बापानं मना न्हेलं. दोन शेकंद लागली. येताना बाप खुशीत. म्हावरं घेऊन आला, मोठं. आय जेवली न्हाय त्या दिवशी."

"आणि फिटलं कधी?"

"बाप मेला, मंग मी होतो. मी तेहतीस वरसांचा झालो तवा फिटलं."

"पण उचल होती किती?"

"किती ते मना म्हाईत न्हाय," म्हातारा म्हणाला. "मना माजं वय म्हाईत हाय."

पिशवीतून पापलेटचं पाणी ओट्यावर गळत होतं. तो पुढं म्हणाला, "हितंच ऱ्हा. मी हाय तवर भाडं वाढवनार न्हाय. पैसं साठव, मंग लान कर्ज घे. न्हायतर आताच जा नि बोल, हप्ता जास्त लाव, पन वरसं कमी कर."

इथं माझं डोकं फिरलं. तो सल्ला देतोय हे मला दिसलंच नाही. मला दिसला भाडेकरू हातचा जाऊ नये म्हणून केलेला सौदा. माझ्या आयुष्यात ज्यानं ज्यानं मला थांबवलं, त्याचा त्यात काही ना काही फायदा होता. मी सगळ्या चाळीला ऐकू जाईल असं ओरडलो, "सरळ बोला ना बाबा, भाडेकरू चालला म्हणून पोटात दुखतंय! तुमचं मिठागर आणि बँक एक आहे काय? तुमच्या बापाला भाव करता आला नाही, मला येतो!"

बापाचं काढायला नको होतं. म्हातारा चिंधी एका हातानं आणि दातांनी परत बांधू लागला. मी उतरलो आणि दोन्ही चपला एकदम घातल्या.

घराच्या पूजेला बोलवायला मी स्वतः गेलो नाही, पोराला पाठवलं. निखिल तेव्हा अठरा वर्षांचा. परत येऊन म्हणाला, "बाबा बोलले, घर झालं की येईन."

"अरे, घर झालंय म्हणूनच पूजा आहे ना!"

"मी पण तेच बोललो. ते बोलले, तुझ्या पप्पाला विचार."

मी विचारात पडलो नाही, संतापलो. शुभकार्यात खोडा घातला म्हणून पुन्हा त्याचं तोंड बघायचं नाही असं ठरवलं. एकदा बाजारात दिसला, त्यानं हात वर केला, मी गाडी वळवली. चार वर्षांनी तो गेला.

मधल्या काळात व्याजाचे दर वाढले. गाळ्याच्या आसपासचे लोक रडत होते, हप्ता वाढला म्हणून. माझा एक रुपयानं वाढला नव्हता. चहाच्या टपरीवर मी मिरवायचो. बँकेचे मेसेज यायचे, इंग्रजीत, लांबलचक. हप्त्याचा आकडा तोच आहे एवढं बघून मी पुसून टाकायचो.

मग गेल्या महिन्यात पत्र आलं. मुलाला घेऊन शाखेत या.

समोर एक मुलगी बसली होती, निखिलच्याच वयाची. नीट बोलणारी. म्हणाली, "काका, तुम्ही धंदेवाले आहात, तर आमच्याकडे सत्तराव्या वर्षापर्यंतच कर्ज चालतं. तुमचं आता शहात्तराव्या वर्षी संपतंय."

"एकोणसत्तरला संपणार होतं!"

"दर वाढला ना काका. तुमचा हप्ता आम्ही तोच ठेवला. वाढलेलं सगळं मुदतीत गेलं."

मी विचारलं, सहा वर्षं भरतोय, वीस लाखांच्या वर गेले माझे, मुद्दल किती फिटलं? तिनं स्क्रीन माझ्याकडे वळवली. अडीच लाख. पस्तिसातले साडेबत्तीस अजून होते.

मी टेबलावर हात आपटला. चोर म्हणालो, आणखीही काही म्हणालो. दारातला वॉचमन दोन पावलं पुढं आला. निखिलनं माझ्या गुडघ्यावर हात ठेवला. "पप्पा, आवाज."

मुलगी घाबरली नाही. तिला सवय असावी. "सोपं आहे काका. मुलाला कर्जात घेऊया. चोवीस वय आहे, म्हणजे तुम्हाला आरामात तीस वर्षं मिळतील. हप्ता उलट आठशेनं कमी होईल."

आणि मी काय केलं? मी म्हटलं, "आठशे काय देताय? पंधराशे करा."

तोंडातून आपोआप गेलं. ती म्हणाली, नाही होणार. मी खुर्ची मागं सरकवली, गाडीची चावी उचलली, खिसे चाचपत उभा राहिलो. ती मॅनेजरकडे जाऊन आली. "सत्तावीस हजार, काका. बाराशेच्या आसपास कमी. याच्या खाली खरंच नाही."

जिंकलो होतो. परत बसलो. तिनं खणातून काडेपेटीएवढं मशीन काढलं आणि निखिलसमोर ठेवलं. खाली लाल दिवा.

"इथं अंगठा ठेव. दोन सेकंद."

निखिलनं बाही मागं केली. त्याचा अंगठा मशीनच्या वर आला. माझ्याच अंगठ्यासारखा आहे, नखाशी रुंद. मला तेव्हा म्हाताऱ्याचा चेहरा नाही आठवला, माझ्या गाळ्यातली पातळ पट्टी आठवली. दरात वीस रुपये पाडून खुशीत जिना उतरणारं गिऱ्हाईक आठवलं. त्या गिऱ्हाइकाच्या जागी मी होतो, सहा वर्षं.

मी निखिलचं मनगट धरलं. जोरात धरलं असावं, तो कळवळला.

"फिटेल तेव्हा किती वर्षांचा होशील?" मी विचारलं.

"चोपन्न," तो लगेच म्हणाला.

त्याला मोजावं लागलं नाही. घरून निघतानाच मोजून आला होता. "माहितीये मला, पप्पा. ठीक आहे. तुमच्याच्यानं आता होत नाही ना."

मी मनगट सोडलं नाही. मुलीला म्हटलं, "हप्ता वाढवा."

"काका, कमी झालाय ना आता..."

"वाढवा. माझ्या एकट्याच्या नावावर. बारा वर्षांत संपेल एवढा वाढवा."

तिनं निखिलकडे बघितलं, मग टाइप केलं. "अडतीस हजारांजवळ जातो."

मी सही केली. आयुष्यात पहिल्यांदा समोरच्याला भाव वाढवायला सांगितला, आणि तिनं सांगितलेल्या आकड्यावर एक शब्द बोललो नाही. सहीला बराच वेळ लागला.

आपण सगळ्यांसमोर लहान पोर ठरलो असं निखिलला वाटलं. बायको म्हणते, बाराशे रुपये कमी होत होते ते सोडून दहा हजार वाढवून आलेला माणूस तिनं पाहिला नाही. एक गाळा मी सोडला. दोन कारागिरांना दुसरीकडे बघा म्हणून सांगितलं. त्यातला एक माझ्याकडे बारा वर्षं होता. आता उंचावरचं ग्रिल पुन्हा मी स्वतः चढवतो, गुडघ्याला पट्टा लावून. बारा वर्षं ते जमेल का, मला माहीत नाही. जमलं नाही तर हे घर बँकेचं आणि मी भरलेलं सगळं पाण्यात.

परवा म्हाताऱ्याची सून गाळ्यात आली. चाळ पाडायला घेतली होती, तिच्या नव्या फ्लॅटला खिडक्या हव्या होत्या. मी खुर्ची दिली. कशावरून तरी विषय म्हाताऱ्यावर गेला. मी म्हटलं, "मला सोडायला तयार नव्हते बाबा. भाडं बुडत होतं ना त्यांचं."

ती म्हणाली, "भाडं? दादा, तेव्हाच बिल्डर मागं लागला होता. खोल्या रिकाम्या करून द्या, एकेका खोलीमागं वेगळे पैसे देतो बोलत होता. तुम्ही जाताय म्हटल्यावर आमचे हे किती खूश झाले होते. आणि बाबा ओट्यावर बसून तुम्हाला बोलतायत, राहा, भाडं वाढवणार नाही. त्या दिवशी घरात एवढी भांडणं झाली की बाबा दोन दिवस जेवले नाहीत."

मी मोजपट्टी उघडत होतो आणि मिटत होतो.

तर माझा राग हा आहे. त्याचा काही फायदा नव्हता, उलट नुकसान होतं, हे त्यानं मला सांगायला हवं होतं. मी त्याच्या बापाचं काढलं म्हणून तो गप्प बसला असं काही नव्हतं, असं मी स्वतःला सांगून पाहिलं. माझ्या धंद्यात फायद्याशिवाय कुणी तोंड उघडत नाही. एक वाक्य बोलला असता तर मी थांबलो असतो. कदाचित नसतो थांबलो. पण आता हे भांडायला समोर कुणी नाही.

सुनेनं रचलेल्या पट्ट्यांवरून हात फिरवला. "जाड लावा हं. दर तुमचा." उठता उठता म्हणाली, "बाबांनी जायच्या आधी तुमचं नाव काढलं होतं. बोलले, त्याच्या घराचा नारळ मी काय बघत नाही, तू जा. मी हसले होते तेव्हा. पण शब्द दिलाय. मग कधी येऊ?"

"बारा वर्षांनी," मी म्हणालो.

तिनं पर्स खांद्याला लावली आणि अगदी सहज विचारलं, "म्हणजे तुम्ही किती वर्षांचे व्हाल तेव्हा?"

सहा वर्षांपूर्वी ओट्यावर न दिलेलं उत्तर मला द्यायचं होतं. शेजारच्या गाळ्यात कटर चालू होता. तो थांबेपर्यंत मी थांबलो.

"बासष्ट," मी म्हणालो.

तिनं मान हलवली आणि गेली.